वेळकाढ्यांची शेवटची बाटली

"हे तुमच्या संस्थेत कुण्णालाही पटायचं नाही," इस्त्री उभी करून ठेवत बाईंनी बजावलं. "एकाला जरी पटलं ना, तर त्याला माझ्याकडे पाठवा. त्याचे कपडे मी जन्मभर फुकट धुवीन."

समोरच्या स्टुलावर चेला बसला होता. चेला म्हणायचं ते जुन्या सवयीनं. डोक्यावर केस औषधालाही उरले नव्हते आणि संस्थेत आता त्याच्याच पुढेमागे करणारे चेले होते. पण बाईंनी त्याला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तो त्यांच्या नवऱ्याची पिशवी छातीशी धरून दारात उभा होता, आणि बाईंच्या डोळ्यांत माणूस एकदा जसा ठसला तसाच राहायचा. धुतला तरी जायचा नाही.

चेला सरांचं, म्हणजे बाईंच्या वारलेल्या नवऱ्याचं, चरित्र लिहायला आला होता. संस्थेत सरांच्या स्मरणार्थ दालन निघणार होतं. आत त्यांचा चष्मा, त्यांची खुर्ची आणि भिंतीवर त्यांचं आयुष्य. हे झालं तोंडचं बोलणं. डोळे मात्र वेगळंच बोलत होते. ते आधी भट्टीपाशी जाऊन आले, मग टांगलेल्या कोटांच्या मागे डोकावले, मग गल्ल्याखाली वाकले, आणि आता हळूहळू भिंतीवरच्या फळीकडे सरकायला लागले होते.

"इकडे बघा," बाई म्हणाल्या. "गोष्ट मी सांगतेय, फळी नाही."

फळीवर नीळ होती, खळ होती, शाईचे डाग काढायचं औषध होतं. त्यांच्या गर्दीत अंग चोरून एक चपटी बाटली उभी होती, पातळ चहाच्या रंगाची. तिच्यावर बाईंनी स्वतःच्या हातानं 'जुनी खळ' असं लिहून चिकटवलं होतं. बाटलीत खळ नव्हती. त्यांच्या नवऱ्यानं, म्हणजे काळविद्येतल्या सगळ्यात थोर आणि सगळ्यात विक्षिप्त माणसानं, स्वतः पिळून काढलेली वेळ होती. शेवटची. तिच्यानंतर दुसरा थेंब जगात उरलेला नव्हता. चेल्याला तिचा वास जरी लागला असता, तरी उद्या ती काचेच्या कपाटात दिव्याखाली उभी राहिली असती, नाहीतर कुण्या प्राध्यापकाच्या प्रयोगात सांडली असती. म्हणून बाईंनी सकाळीच ठरवलं होतं की ह्या माणसाला पोटभर गोष्टी वाढायच्या आणि रिकाम्या हातानं परत पाठवायचं.

दाराशी उजेडात त्यांची नणंद गिऱ्हाइकांच्या शर्टांना बटणं लावत बसली होती. बाटलीची गोष्ट तिलाही ठाऊक नव्हती. पण दादाचा विषय निघाला की ती आपण होऊन साक्षीदार व्हायची. घडलेलं तिनं पाहिलेलं असो वा नसो, दादाची बाजू पडता कामा नये, एवढाच तिचा कायदा.

"लोक सरांना वेळकाढे म्हणायचे, ते कधीपासून?" चेल्यानं पेनाचं टोपण काढलं.

"तुमच्या संस्थेनंच ठेवलं ते नाव. हे खिडकीशी डोळे मिटून बसायचे. बाकीचे म्हणायचे, बघा, पगार घेतोय आणि वेळ काढतोय. पुढे खरोखरच काढायला लागले, तेव्हा म्हणणाऱ्यांची दातखीळ बसली."

"साक्षीला मी आहे," नणंद म्हणाली.

"वन्सं, तुम्ही संस्थेत कधी गेला होतात?"

"दातखीळ बसलेली लांबूनही दिसते गं."

चेल्यानं लिहून घेतलं. बाईंना जरा हुरूप आला.

वेळकाढ्यांचे सुरुवातीचे शोध काही धड नव्हते, हे बाईसुद्धा नाकारत नव्हत्या. त्यांनी एक दिवा केला होता. तो दिवसभर खिडकीत ठेवायचा, म्हणजे तो आजचा उजेड पिऊन ठेवणार आणि उद्या परत देणार. पाहुण्यांना दाखवायला काढला, तर आदल्या दिवशी आभाळ आलेलं. दिवा लावला आणि भर दुपारी घर मळभटलं. मग त्यांनी पाहुण्यांसाठी घड्याळ केलं. नावडता माणूस घरात आला की त्याचे काटे धावत सुटायचे, आणि उशीर झाला असं वाटून माणूस उठायचा. त्या घड्याळासमोर पहिल्यांदा येऊन बसले ते संस्थेचे प्रमुख. काटे असे काही पळाले की भिंतीवरून घड्याळ खाली पडेल की काय असं वाटलं. प्रमुखांनी एकदा घड्याळाकडे पाहिलं, एकदा वेळकाढ्यांकडे पाहिलं, आणि चहा तसाच ठेवून निघून गेले. बढती त्यांच्या मागोमाग गेली.

"हे चरित्रात नको," चेला म्हणाला.

"का? ते प्रमुख वारले ना?"

"वारले. पण त्यांचे जावई आता प्रमुख आहेत."

नणंदेनं दातांनी दोरा तोडला. "मग जावयासाठी तेच घड्याळ दालनात लावा की."

चेला हसला नाही. तो वाट पाहत होता. कशाची, हे बाईंना पक्कं ठाऊक होतं. त्यांनी कोटाची बाही इस्त्रीखाली घेतली आणि विषय त्याच्या हातात जाण्याआधी स्वतःच धरला.

"पिळणीचं लिहा. खरा शोध तो."

वेळकाढ्यांचं म्हणणं साधं होतं. माणूस वाट पाहत बसतो आणि म्हणतो, माझा वेळ गेला. पण गेला म्हणजे कुठे गेला? पाणी गेलं म्हणतो तेव्हा ते कुठेतरी मुरलेलं असतं. तशी वेळही मुरते, आणि मुरते ती माणूस ज्याच्यावर बसलेला असतो त्यात. लाकडात फारशी नाही. गादीत, काथ्यात, कापसात. म्हणून वेळकाढे दवाखान्यांतली, कचेऱ्यांतली, स्टेशनांतली मोडकी बाकं उचलून आणायचे आणि त्यांची पोटं फाडायचे. बाईंच्या दुकानात कपडे पिळायचं जुनं लोखंडी यंत्र पडलं होतं, दोन रूळ आणि एक दांडा. ते त्यांनी घरी मागच्या खोलीत नेलं, त्यात तो काथ्या घातला आणि दांडा फिरवला. खाली वाटीत पातळ चहासारखं काहीतरी उतरलं. ते खोलीच्या उंबऱ्यावर ओतायचं आणि आत जाऊन दार लावायचं. उंबरा ओला आहे तोवर आत दिवस उलटतात आणि बाहेर चुलीवरचं दूधसुद्धा हलत नाही.

"बाकाप्रमाणे गुण वेगळा?" चेल्यानं विचारलं. त्याला उत्तर माहीत होतं. बाईंना किती माहीत आहे, हे तो चाचपत होता.

"मग! दाताच्या डॉक्टरकडचं बाक पिळलं की हे गाल धरून बाहेर यायचे. नोंदणी कचेरीतलं पिळलं की आत महिनाभर राहूनही काहीही केलेलं नसायचं, फक्त माझं काम कधी होणार असं सारखं वाटायचं. वाट पाहणाऱ्याचा जीव जसा, तशी वेळ."

"आणि हे तुम्हाला सरांनी सांगितलं?"

"सांगितलं असतं तर रामायण कशाला घडलं असतं?" बाईंनी इस्त्री दाणकन आपटली. कोट कण्हला.

बायकोला वेळकाढ्यांनी अवाक्षर सांगितलं नव्हतं. बाईंना कळलं ते कॉलरवरून. माणूस काय वाटेल ते बोलेल, कॉलर खोटं बोलत नाही, असं त्यांचं धंद्यातलं मत होतं. सकाळी धुतलेला पांढरा शर्ट घालून नवरा मागच्या खोलीत गेला. बाई इकडे चहाचं पाणी ठेवून कपबश्या काढतायत तोवर बाहेर आला, तर कॉलरवर आठवड्याची काळी रेघ. गालावर दाढी. नखं वाढलेली. बाईंनी पाहिलं आणि काही बोलल्या नाहीत. संशय आलेल्या बाईनं लगेच बोलू नये, आधी गोळा करावं, ही अक्कल त्यांना होती.

गोळा व्हायला वेळ लागला नाही. कोपऱ्यावरच्या न्हाव्यानं एकदा त्यांना थांबवून हळूच विचारलं होतं, "साहेब डोक्याला कोणतं तेल लावतात? परवा कापले, आज पुन्हा कानावर आलेत. आपल्यातच राहू द्या, पण बाटली तेवढी दाखवा." साबण संपायचा. चपलेचे अंगठे झिजायचे, आणि माणूस तर घरातून हललेला नाही! बरं, एवढ्यावर भागलं असतं. पण एके दिवशी वेळकाढे त्या खोलीतून गुणगुणत बाहेर आले. लग्नात ज्या माणसाच्या तोंडून धड एक ओळ निघाली नव्हती, तो गुणगुणत आला, आरशात पाहून भांग पाडला आणि उगाचच लाजला.

"झालं," बाई चेल्याला म्हणाल्या. "मी म्हटलं, बाई आहे."

"मीही तिथेच होते," नणंद म्हणाली. "मी वहिनीला म्हटलं, आमचा दादा? त्याला एक सांभाळता येईना, तो दुसरी कुठून आणतोय!"

"तुम्ही त्यांची बाजू घेतलीत, वन्सं."

"ही बाजू होती?"

"मला तेव्हा काय ठाऊक की त्या दिवशी त्यांनी बागेतलं बाक पिळलं होतं," बाई म्हणाल्या. "त्या बाकावर बसून पोरं पोरींची वाट बघायची. त्या वेळेत चार दिवस मुरलेला माणूस गुणगुणणार नाही तर काय करणार? पण मला दिसत होतं ते एवढंच. माझा नवरा मला सोडून कुठेतरी दिवसच्या दिवस राहून येतोय. आणि येताना म्हातारा होऊन येतोय."

हे शेवटचं वाक्य त्यांना म्हणायचं नव्हतं. ते निघून गेलं. चेल्याचं पेन थांबलं, आणि बाईंनी घाईघाईनं दुसरी बाही घेतली.

पण ते खरं होतं. लग्नाच्या वेळी दोघं एका वयाची होती. पुढे पुढे दुकानात नवी गिऱ्हाइकं विचारायला लागली, "वडील आज दिसले नाहीत?" बाई म्हणायच्या, "आहेत घरी," आणि कपडे मोजायला लागायच्या. ज्याच्याबरोबर म्हातारं व्हायचं ठरलं होतं, तो एकटाच पुढे निघून चालला होता. कुणासाठी, ते त्यांना कळायला हवं होतं. बाई असेल तर असू दे, पण तिचं तोंड दाखव.

शेवटी त्यांनी पाळत ठेवली. छत्रीवरून भांडण झालं त्या दिवशी. छत्री बसमध्ये राहिली होती. कुणी ठेवली, ह्यावर दोघांचं जुंपलं. बाईंनी असं काही ऐकवलं की वेळकाढ्यांचं तोंड उघडंच राहिलं, आणि मग ते म्हणाले, "थांब हं, एक कागद बघून आलो." हेही नेहमीचंच. भांडण रंगात आलं की ह्यांना कागद आठवायचा. आत जायचे, पापणी लवते न लवते तोच बाहेर यायचे आणि असं काही सणसणीत उत्तर द्यायचे की बाई दिवसभर धुमसत राहायच्या. ह्या वेळी बाईंनी नणंदेला चुलीपाशी उभं केलं, "दुधाकडे बघा, वन्सं," असं म्हणाल्या, आणि दार लागता लागता नवऱ्याच्या मागून आत सटकल्या.

"आणि?" चेला पुढे वाकला. हे सरांनी त्याला कधी सांगितलेलं नव्हतं.

"आणि काय! कोपऱ्यात कपडे टांगायचा खांब. त्याला माझा दुकानातला एप्रन घातलेला, वर माझा डोक्याचा रुमाल. आणि तुमचे सर त्याच्यासमोर उभे. म्हणतायत, 'छत्री तूच विसरलीस.' मग पलीकडे जायचे, खांबाच्या मागे उभे राहायचे आणि माझ्या आवाजात म्हणायचे, 'मी? त्या दिवशी मी घरून निघालेच नव्हते!' मग परत इकडे. विचार करायचे. फेऱ्या घालायचे. दाढी खाजवायची. असे दिवसच्या दिवस, वर्षानुवर्षं. जगात कुणाला लागला नाही असा शोध लागला, आणि तो माणूस तो कशावर खर्च करतोय, तर बायकोला काय उत्तर द्यावं ह्याच्यावर!"

चेल्याचा चेहरा पाहण्यासारखा झाला होता. दालनाच्या भिंतीवर हे कसं मांडायचं, ते त्याच्या कपाळावर उमटत होतं.

"आणि खरं सांगू?" बाई म्हणाल्या. "एप्रन जिंकत होता."

"मी साक्षीला आहे," नणंदेनं सुईत दोरा ओवत सांगितलं. "म्हणजे दुधाच्या. दूध हललं नाही."

"मग तुम्ही काय केलंत, काकू?"

"काय करणार? म्हटलं, मी बाहेर जितीजागती असताना खांबाशी भांडता? इकडे या, माझ्याशी भांडा. मग भांडलो. उंबरा ओला होता तोवर. छत्रीपासून सुरुवात झाली आणि लग्नात कुणी कुणाकडे आधी पाहिलं इथपर्यंत गेलो. बाहेर आलो तेव्हा माझ्या केसांचा रंग उतरून मुळं पांढरी दिसत होती, आणि वन्सं दुधावरून नजर न काढता म्हणाल्या, 'जा ना मग आत, उभी काय राहिलीस?'"

त्यानंतर वेळकाढे एकटे कधी आत गेले नाहीत. तसं वचनच घेतलं होतं बाईंनी. आणि पुढे जाण्यासारखं उरलंही नाही. दवाखान्यांतून गाद्यांची बाकं गेली आणि प्लास्टिकच्या खुर्च्या आल्या. प्लास्टिकमध्ये काही मुरत नाही. त्याहून वाईट म्हणजे लोकांनी वाट पाहणंच सोडलं. हातातल्या फोनकडे बघत बसतात. शरीर बाकावर असतं, माणूस तिथे नसतो. वेळकाढ्यांनी एकदा स्टेशनवरचं एक शेवटचं गादीचं बाक आणून पिळलं, तर वाटीत दोन थेंब आले आणि त्यांचाही रंग निळसर. "खलास," ते म्हणाले, आणि पिळणीवर जुनी चादर टाकली.

"पण ती पुन्हा काढली," चेला म्हणाला.

बाईंनी इस्त्री उचलून पुन्हा कोटावर ठेवली.

"कोण म्हणतं?"

"सर. आजारपणात मला फोन आला होता. म्हणाले, एक शेवटची काढली आहे रे. आजवरची सगळ्यात शुद्ध. एकाच माणसाची." चेल्यानं पेन खाली ठेवलं. आता तो खरंच बोलत होता. "काकू, पिळणी भंगारात गेली, हे मी चौकशी करून आलोय. बाकं जाळली तुम्ही. तक्रार नाही. पण ती बाटली संस्थेची आहे, विद्येची आहे. तिच्यावरून पुन्हा सगळं उभं करता येईल. ती कुठे आहे?"

बाईंनी फळीकडे पाहिलं नाही. त्यासाठी त्यांना मानेचे सगळे स्नायू वापरावे लागले.

ती कुठल्या बाकाची होती, हे चेल्याला ठाऊक नव्हतं. दुकानाबाहेर, पायरीच्या बाजूला, एक बुटकं गादीचं बाक असायचं. संस्थेतून सुटले की वेळकाढे रोज तिथे येऊन बसायचे, बाई शेवटचं गिऱ्हाईक संपवून कुलूप लावीपर्यंत. वर्षानुवर्षं. पाऊस असो की ऊन, हातात पुस्तक नसायचं, कुणाशी गप्पा नसायच्या. नुसते दाराकडे बघत. शेवटच्या आजारात त्यांनी ते बाक घरात आणवलं, अंथरुणातून उठून त्याचं पोट फाडलं, धापा टाकत दांडा फिरवला आणि बाटली बायकोच्या हातात दिली. "ह्यात दुसऱ्या कुणाची मिसळलेली नाही," ते म्हणाले. "सगळी तुझीच वाट पाहिलेली आहे. खांबावर उधळली ती परत देता येत नाही. ही घे."

ही बाटली संस्थेला द्यायची? कुणा परक्या माणसानं तिच्यात बसून सिद्धांत मांडायचे?

"ती आता नाही," बाई म्हणाल्या.

"फुटली?"

"ओतली."

"कधी?"

"गेले त्या दुपारी." आवाज जरा कापला, आणि तो कापणं खरं असल्यामुळे चेल्याच्या चेहऱ्यावरचा संशय थोडा मऊ पडला. तो मऊ पडलेला बाईंना दिसला, आणि थापा मारणाऱ्याचा घात होतो तो अशा क्षणी. ऐकणारा अर्धवट विश्वास ठेवतो, मग उरलेला अर्धाही आपलासा करावासा वाटतो. "डॉक्टर सांगून गेले होते. मी विचार केला, आता नाही तर कधी? मागच्या खोलीच्या उंबऱ्यावर सगळी ओतली, दार लावलं. वर्ष मिळालं आम्हाला आत. अख्खं वर्ष."

"पण काकू," चेला चाचपत म्हणाला, "आत दिवस जातात तसं शरीरही पुढे जातं. दाढी वाढायची ना सरांची? मग आजारही वाढला असता."

"दाढी आपली असते, आजार पाहुणा असतो," बाई फाडकन म्हणाल्या. "वाट पाहण्याच्या वेळेत पाहुणा गप्प बसतो. डॉक्टरच्या दारात जाऊन बसल्यावर दुखायचं थांबतं की नाही? तसं."

हे चेल्याला पटलं. त्याच्याही दाढेला हा अनुभव होता.

मग बाईंना थांबवेना. वर्षभर दोघं कशी राहिली, ते त्यांनी सांगितलं. पहिले दिवस नुसती झोप काढली. मग ह्यांना बरं वाटायला लागलं. मग राहिलेली सगळी भांडणं काढली आणि एकेक करून संपवली. शेवटी भांडायला काही उरेना, तेव्हा हे म्हणाले की छत्री मीच विसरलो होतो. मग कितीतरी दिवस दोघं खिडकीपाशी बसून राहिली, बाहेर एक पक्षी पंख पसरून हवेत थांबलेला होता त्याच्याकडे बघत. उंबरा सुकत आला तेव्हा ह्यांनीच सांगितलं, चल, दार उघड आता. आणि आपणहून जाऊन अंथरुणावर निजले. तक्रार नव्हती चेहऱ्यावर.

चेल्याचे डोळे भरून आले होते. त्यानं पेनाला टोपण लावलं, बाईंना वाकून नमस्कार केला आणि म्हणाला, "मग बाटली नसली तरी चालेल, काकू. सार्थकी लागली." फळीकडे त्यानं आता ढुंकूनही पाहिलं नाही. कागद पिशवीत घातले आणि दाराकडे वळला. बाईंनी इतका वेळ कोंडलेला श्वास हळूहळू सोडायला सुरुवात केली.

दारात नणंद बसली होती. तिचा हात थांबला होता. सुई अर्धी बटणात, अर्धी हवेत.

"वर्ष?" ती म्हणाली.

"वन्सं, त्यांना वाट द्या."

"अख्खं वर्ष? माझ्या दादाबरोबर?" तिच्या मांडीवरचा शर्ट घसरून खाली पडला. "आणि मला सांगितलंसुद्धा नाहीस? एकटी गेलीस आत? मला काय, चार दिवस दिले असतेस तरी चाललं असतं! त्याच्याशी धड दोन शब्द बोलायला मिळाले नाहीत मला त्या दुपारी. मला बघवेना म्हणून मी आपली पाठ करून..."

ती बोलता बोलता अडली. बाईंनी डोळ्यांनी विनवलं. नणंदेचं तिकडे लक्षच नव्हतं. ती त्या दुपारकडे बघत होती. दारात उभा असलेला चेला हळूच मागे वळला.

"थांब, थांब," नणंद सावकाश उठून उभी राहिली, आणि मग तिचा आवाज रस्त्यापर्यंत गेला. "मागच्या खोलीच्या उंबऱ्यावर? खोटं! साफ खोटं, वहिनी! त्या उंबऱ्यावर सबंध दुपार मी बसले होते! दार उघडं होतं आणि माझ्या खाली थेंबभरसुद्धा ओल नव्हती!"